करवल्यांची ओळख



या व्याख्यानमालेत राज्यकारभार, विज्ञान, साहित्य अशा भारदस्त विषयांची रांग लागलेली असताना मी लग्नातल्या करवल्यांवर बोलणार म्हटल्यावर काही श्रोत्यांच्या चेहऱ्यांवर हसू उमटले, ते मला येथून दिसते आहे. हसावे. पण वैशाखाचे दिवस आहेत, देवगडपासून वेंगुर्ल्यापर्यंत दारोदार माटव उभे राहत आहेत, आणि पुष्कळ माटवांत अशा चार-सहा मुली आहेत, की ज्यांनी मिळून नवरीला सांभाळावयाचे आहे आणि ज्या एकमेकींना मुळीच ओळखत नाहीत. या मुलींचे काय करावयाचे, एवढाच माझा आजचा प्रश्न आहे.

करवली म्हणजे नुसती नटून मिरवणारी मुलगी नव्हे. बोहल्याशी कऱ्हा-दिवा घेऊन उभी राहते ती करवली. नवरीबरोबर सासरी जाऊन पहिले दोन दिवस तिथे राहते ती पाठराखीण. गोव्याकडच्या ख्रिस्ती घरांत अशा मुलीला धेडी म्हणतात. नावे निरनिराळी, काम एकच. अनोळखी उंबरठा ओलांडताना नवरीच्या जवळ कोणीतरी आपले असावे, हे ते काम.

पूर्वी या मुलींची ओळख करून देण्याचा प्रश्न फारसा पडत नसे. त्याचे कारण इरावतीबाई कर्वे यांच्या १९५३ साली प्रसिद्ध झालेल्या भारतीय आप्तसंबंधांवरील ग्रंथात सापडते. उत्तरेत मुलगी द्यावयाची ती जिथे नाते नाही अशा परक्या गावी. दक्षिणेत द्यावयाची ती नात्यातच. आणि महाराष्ट्र या दोहोंच्या मधला, कारण आपल्याकडे पुष्कळ जातींत मामाची मुलगी करण्याची चाल होती. मामाच्या मुलीशी लग्न लागले, की दोन्ही पक्षांच्या करवल्या मुळातच आतेबहिणी-मामेबहिणी. त्यांची ओळख कोणी कोणाला करून द्यावी? त्यांची भांडणेसुद्धा जुनीच असत!

ती चाल मागे पडली. जवळच्या रक्तातील विवाह टाळावे हे आता आपण जाणतो. तिच्याबद्दल मला हळहळ नाही. पण तिच्याबरोबर ओळखीची एक आयती व्यवस्था गेली, तिची भरपाई आपण केली नाही. १९९८ साली कोकण रेल्वेची गाडी थेट धावू लागली, २०२१ साली चिपीचा विमानतळ सुरू झाला. आता नवरीची एक मैत्रीण पुण्याच्या वसतिगृहातली, दुसरी मुंबईच्या कचेरीतली, तिसरी चुलतबहीण कणकवलीची आणि चौथी शेजारची, जिच्या अंगणात नवरी लहानाची मोठी झाली. चौघींचा नवरीवर सारखाच जीव आहे, आणि म्हणूनच चौघींच्या मनात एक बारीकसा मत्सरही आहे. शेजारची मुलगी ‘खयची गो तू?’ असे प्रेमाने विचारते. मुंबईकरणीला ते उलटतपासणीसारखे वाटते. ती हातातल्या फोनमध्ये डोके घालते. झाले, दोन तट पडले.

येथे एका दूरदेशीच्या प्रयोगाची आठवण होते. १९५४ साली अमेरिकेतील ओक्लाहोमा संस्थानात मुझफर शरीफ नावाच्या मानसशास्त्रज्ञाने अकरा-बारा वर्षांच्या बावीस मुलांचे दोन गट एका उन्हाळी शिबिरात ठेवले, त्यांच्यात सामने लावले, आणि गट एकमेकांचे वैरी झाले. मग त्यांना एका पंक्तीला बसवून पाहिले, बोलपट दाखवून पाहिले; पंक्तीला त्यांनी एकमेकांवर अन्न फेकले. उपयोग झाला तो निराळ्याच गोष्टीचा. पाणीपुरवठा अडला, तो सर्वांनी मिळून सुरू करावयाचा होता. अन्न आणणारी मोटार अडली, ती सर्वांनी दोर लावून ओढावयाची होती. ज्या दोराने ती मुले रस्सीखेच खेळली होती, त्याच दोराने ती मोटार ओढली गेली.

आमच्या आज्यांनी शरीफसाहेबांचे नाव ऐकले नव्हते, पण व्हायनात हळद कुटावयाला त्या दोघींना बसवीत. दोन मुसळे एकाच व्हायनात पडावयाची, एक वर तेव्हा दुसरे खाली. ताल चुकला की मुसळावर मुसळ. दहा घाव होईतो त्या दोघी एकमेकींच्या हाताकडे पाहावयाला शिकत. फुगडीचेही तेच. जिचे नाव ठाऊक नाही तिचे मनगट घट्ट धरल्याशिवाय फुगडी फिरतच नाही. मंगळागौरीला निरनिराळ्या घरांच्या वशेळ्या एका घरी जमतात आणि रात्र जागवतात, तेव्हा खेळ आधी आणि गप्पा मागून, हा क्रम मला फार शहाणपणाचा वाटतो.

आज आपण काय करतो? लग्नाच्या महिनाभर आधी व्हॉट्सॲपवर गट काढतो आणि सगळ्यांना एका रंगाच्या साड्या घ्यावयास लावतो. गटाला माझी हरकत नाही. निदान कोण कोणत्या गाडीने उतरते ते कळते. साडीला मात्र आहे. एकीला जी साडी सहज परवडते, तीच दुसरीच्या घरी महिन्याचा हिशेब मोडते, आणि ती बिचारी तोंडाने बोलत नाही. सारखी साडी नेसून दोघी परक्याच राहतात, वर एक अढी. रंग सांगावा, साडी जिची तिने कपाटातली काढावी.

ओळख करून देण्याचे काम नवरीवर टाकू नये. तिला त्या दिवशी घोटभर पाणी प्यायला उसंत नसते. एखाद्या बोलक्या आत्येने वा काकीने ते अंगावर घ्यावे. ‘ही कॉलेजातली, ही ऑफिसातली’ एवढ्याने भागत नाही. ती यादी झाली. ‘हिने आपल्या मुलीला तापात चार रात्री सांभाळले’ असे सांगितले, की दुसऱ्या मुलीला तिच्याशी बोलावयाला दार सापडते. आणि जोड्या मुद्दाम तिरक्या लावाव्या, शहरची आणि गावची एकत्र.

त्याच घरात एक मावशी असते. तिचा नवरा वारलेला असतो, आणि ती हळदीच्या वेळी न सांगता मागल्या पडवीत जाऊन बसते. कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाडच्या ग्रामसभेने २०२२ साली विधवांवरच्या अनिष्ट प्रथा बंद करण्याचा ठराव केला; पण ठराव माटवात शिरावयाला कोणीतरी उठून पडवीपर्यंत जावे लागते. करवल्यांनी जावे. चौघींनी मिळून मावशीला हाताला धरून हळदीच्या पाटाशी आणावे. बड्याबुढ्यांची बोलणी खावी लागतील. ती चौघींत वाटली गेली तर सोसतात.

पाठराखिणीची गोष्ट राहिली. ती ज्या घरी जाणार, तिथली वरपक्षाची करवली म्हणजे उद्याची नणंद. नवरीला त्या घरात पहिले माणूस कोण भेटावे, हे पुष्कळदा या दोघींच्या जुळण्यावर ठरते. दोन्ही पक्ष एकाच मंगल कार्यालयात उतरणार असतील तर आदल्या संध्याकाळी या दोघींपुढे एकच अबोलीची टोपली ठेवावी. एकीने फुले जुळवून द्यावी, दुसरीने गुंफावी. वळेसर किती पदरी करावयाचा यावरून त्यांनी खुशाल वाद घालावा, आणि मोठ्यांनी तिकडे लक्ष देऊ नये.