आपल्या पायाखालचा लाव्हा
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



ज्वालामुखी म्हटला की जपान-इटलीकडचा धुमसता डोंगर डोळ्यांपुढे येतो. आपल्या जालना जिल्ह्यात तसा डोंगर नाही; तरी आपण सर्वजणी लाव्ह्यावरच संसार मांडून बसलो आहोत. आपले जाते, पाटा, वरवंटा ज्या काळ्या दगडाचे, तो थिजलेला लाव्हाच होय.

सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी दख्खनची जमीन लांबच लांब भेगांनी फाटली आणि त्यांतून तप्त शिलारस पसरला. आइसलंडमध्ये १७८३ साली लाकी येथे अशीच सुमारे २५ किलोमीटरांची भेग उघडून आठ महिने लाव्हा वाहत होता. आपल्याकडे हे पुनःपुन्हा घडले आणि थरावर थर चढले. आजही सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर प्रदेश या खडकाखाली आहे.

विहीर खणताना हे थर दिसतात. वर काळी माती. ती याच खडकाच्या झिजेतून झालेली. तिच्याखाली मुरूम, मग भेगाळलेला किंवा छिद्रे असलेला मांजऱ्या खडक. त्याच्या छिद्रांत कधी पांढऱ्या गारगोट्या सापडतात. मध्येच विटकरी मातीचा पट्टा लागतो. एक थर थंड झाल्यावर, दुसरा येण्यापूर्वी, ऊनपावसाने झिजला, त्याची ती खूण. आणि कोठे अखंड काळा पाषाण.

पाणी साठते ते मुरमात, भेगांत, छिद्रांत. अखंड पाषाणात नव्हे. म्हणून बोअर दुप्पट खोल नेले तर पाणी दुप्पट मिळेल, हा हिशेब इथे चालत नाही. एखादी भेग लागलीच, तरी ती उपसल्यावर भरायला पाऊसच हवा. २०१२-१३ च्या दुष्काळात जिल्ह्यातल्या मोसंबीच्या बागा वाळल्या. आणि टँकरपुढे हंडा घेऊन कोण उभे असते, हे मी आपणांस काय सांगावे!

उलट आपल्याच तालुक्यातल्या कडवंचीने शिवारात बांधबंदिस्ती करून पावसाचे पाणी जमिनीत मुरवले, आणि तेथे द्राक्षबागा उभ्या राहिल्या. खडक तोच, पाऊसही तोच.

कणगीत धान्य किती, हे पाहूनच आपण रोज दाणे काढतो. जमिनीखालची कणगीही तशीच लहान आहे. यंदा पावसापूर्वी प्रत्येकीने छपराचे पाणी गाळून आपल्या विहिरीत सोडण्याची सोय करावी, एवढी विनंती करून मी आपली रजा घेते.