पेन्सिलीचा शेरा



कर्मचारी संमेलनाच्या अध्यक्षानं सरकारवर तोंडसुख घ्यायचं असतं. मी आधी स्वतःबद्दल बोलतो. माझी सारी नोकरी लेखा शाखेत गेली. तिथं एका आरोग्य सेवकाच्या सेवापुस्तकात, पानाच्या कडेला, मी लिहिलं होतं : ‘जमात वैधता प्रलंबित. वेतनवाढ देऊ नये.’ पेन्सिलीनं. शाईनं लिहिलं तर खाली सही करावी लागते, आणि सही केली की कोणीतरी विचारतं, नियम कोणता?

नियम नव्हताच. आपला महाराष्ट्राचा जातपडताळणी कायदा 18 ऑक्टोबर 2001 पासून लागू आहे. दाखला खोटा ठरून रद्द झाला की नोकरी जाते, घेतलेले लाभ वसूल होतात, हे त्यात स्पष्ट आहे. पडताळणी समितीचा निकाल लागायच्या आधीच पगार रोखा, असं मात्र त्यात कुठं नाही. ते कलम आपण टेबलाटेबलावर तयार केलं. लेखापरीक्षणात आक्षेप निघाला तर आपल्या अंगावर नको, एवढंच त्यामागचं शास्त्र.

गैरसमज नको. गडचिरोली, नंदुरबारच्या आदिवासी मुलांच्या जागा बनावट दाखल्यांवर गेल्या, हे खरं आहे. 2017 साली सर्वोच्च न्यायालयानं अशा नोकऱ्यांना संरक्षण नाकारलं, ते योग्यच झालं. खोट्याची वकिली करायला मी इथं उभा नाही. मी बोलतोय ते निकाल न लागलेल्यांबद्दल.

आणि निकाल लागत का नाही? माधुरी पाटील प्रकरणात 1994 साली सर्वोच्च न्यायालयानं पडताळणीची पद्धत घालून दिली; चौकशी शक्यतो रोजच्या रोज चालवून दोन महिन्यांत संपवा, असं सांगितलं. आपल्याकडे दोन महिने नुसते दक्षता पथकाचा माणूस गावात येण्याची वाट पाहण्यात जातात. मग 1950 पूर्वीची नोंद हवी. कोतवाल बुकाची पानं वाळवीनं खाल्लेली. आजोबा शाळेतच गेले नाहीत, तर शाळेचा दाखला कुठून यायचा? उशीर कार्यालयाचा, भुर्दंड मात्र अर्जदाराला.

आता गंमत बघा. लाच घेताना पकडलेला माणूस निलंबित झाला तरी त्याला पहिल्या महिन्यापासून निर्वाह भत्ता मिळतो, अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका. ज्यांचे दावे चक्क अवैध ठरले, त्यांनाही 21 डिसेंबर 2019 च्या शासन निर्णयानं अकरा महिन्यांसाठी अधिसंख्य पदावर घेतलं, म्हणजे पगार चालू राहिला. आणि ज्याच्यावर अजून काहीच सिद्ध नाही, त्याची एक जुलैची वेतनवाढ आम्ही पेन्सिलीनं अडवतो! पडताळणी त्याच्या जमातीची चालली आहे. त्यानं महिनाभर केलेल्या कामाचा त्या समितीशी संबंध काय?

म्हणून माझी मागणी छोटी आहे. निकाल लागेपर्यंत वेतन आणि वेतनवाढ नियमित द्या. हवं तर वसुलीचं बंधपत्र घ्या. निवृत्त होणाऱ्याला निदान तात्पुरतं निवृत्तिवेतन पहिल्या महिन्यापासून द्या. आणि ज्याला काही रोखायचंच असेल, त्यानं लेखी आदेश काढावा. शाईनं, नियमाचा क्रमांक घालून, खाली नाव लिहून.

तो आरोग्य सेवक प्रकरण प्रलंबित असतानाच निवृत्त झाला. उपदान अडकलेलं. एके दिवशी दुपारी माझ्या टेबलापाशी आला. मी मनाशी उत्तरं जुळवत होतो. त्यानं पैशाचं नावच काढलं नाही. म्हणाला, “भाऊसाहेब, सेवापुस्तकाच्या पहिल्या पानाची नक्कल पाहिजे. जमातीचा रकाना आहे ना त्यावर. पोरीनं पडताळणीचा अर्ज केलाय, तिच्या फायलीला लागेल.”

मी झेरॉक्स काढली, सत्यप्रतीचा शिक्का मारला, सही केली. मग तो गेल्यावर खोडरबर शोधायला लागलो.