नेटविना फाइल

फोनमध्ये फाइल दिसते म्हणजे ती फोनमध्ये असतेच असं नाही. पुष्कळदा आपल्याला दिसतो तो फोटोचा लहानसा नमुना. मूळ फोटो दूरच्या कुठल्या तरी सर्व्हरवर असतो. नेट गेलं की हा फरक कळतो, आणि आपण गोल फिरणाऱ्या चक्राकडे बघत बसतो. हे सॉफ्टवेअर लिहिणाऱ्यांनी नेट गृहीतच धरलेलं असतं.

क्यूबात ते धरून चालणार नव्हतं. तिथे मोबाइलवर इंटरनेट आलं ते २०१८च्या डिसेंबरात. त्याच्या कितीतरी आधीपासून ‘एल पाकेते सेमानाल’ नावाचा आठवड्याचा गठ्ठा घरोघर पोचत होता: मालिका, सिनेमे, गाणी, अॅप्स, अगदी छोट्या जाहिरातीसुद्धा. सगळं मिळून सुमारे १ टेराबाइट, हार्डडिस्कवर भरून, हातोहात. विक्रेता फोल्डर नीट लावून देतो आणि गिऱ्हाईक हवं तेवढंच उतरवून घेतं. माझ्या मते चांगला फाइल मॅनेजर कसा असावा, हे या विक्रेत्याकडून शिकावं.

आता हिशेब बघा. जुन्या यूएसबी २.० जोडणीवर सेकंदाला ३०-३५ मेगाबाइट उतरतात. म्हणजे अख्ख्या गठ्ठ्याला आठ-नऊ तास. सातव्या तासाला वीज गेली तर? साधा फाइल मॅनेजर अर्धवट फाइल पूर्ण नावानिशी तशीच सोडून देऊ शकतो. सिनेमा मध्यंतरानंतर बंद पडला की मग कळतं! खरं तर कॉपी आधी तात्पुरत्या नावाने व्हावी, पडताळून झाल्यावरच तिला खरं नाव मिळावं, आणि वीज आल्यावर काम जिथे थांबलं तिथूनच पुढे सुरू व्हावं.

यातलं बरंचसं जुनंच आहे. १९९६ साली ऑस्ट्रेलियात अँड्र्यू ट्रिजेल आणि पॉल मॅकेरस यांनी ‘आरसिंक’ लिहिलं. ज्याच्याकडे जुनी प्रत आहे तो तिचे तुकडे पाडून प्रत्येकाचा छोटा अंकी ठसा पाठवतो. समोरचा ते ठसे नव्या प्रतीत शोधतो आणि न जुळलेला भाग तेवढा धाडतो. घरात काय शिल्लक आहे ते सांगून किराणा मागवावा, तसंच. नव्या सिनेमाला याचा उपयोग नाही, तो सगळाच नवा. पण शाळेची नोंदवही, दवाखान्याची यादी अशा रोज थोड्या बदलणाऱ्या फाइलींचं काम किरकोळ डेटात होतं.

आपल्याकडची अडचण जागेची. २०१७च्या डिसेंबरात गूगलने ‘फाइल्स गो’ भारतात आणलं. नेट नसताना शेजारच्या फोनला फाइल देण्याची सोय त्यात होती. पण गाजली ती दुसरी गोष्ट: रोजच्या ‘गुड मॉर्निंग’च्या चित्रांनी भरलेले फोन रिकामे करायला ती चित्रं ओळखून काढायची युक्ती. (हसू नका, तुमचाही फोन तपासा.)

आणि एक गंमत मेमरी कार्डाची. ‘किविक्स’मुळे विकिपीडिया एका फाइलीत बांधून नेटशिवाय वाचता येतो. पण ३२ जीबीपर्यंतची कार्डं बहुधा फॅट३२ पद्धतीने आखलेली येतात, आणि त्या पद्धतीत ४ जीबीहून मोठी फाइल मावतच नाही. कार्ड रिकामं असलं तरी! म्हणून किविक्सला फाइलीचे तुकडेही वाचावे लागतात. फाइल मॅनेजरला मात्र कार्डाची ही मर्यादा पहिल्या क्षणापासून ठाऊक असते. मग त्याने ती कॉपी सुरू करण्याआधीच सांगावी आणि तुकडे करू का, असं विचारावं.