अब्बांनी पाहिलेला ‘गांधी’

आमचं घर नागपूरच्या मोमिनपुऱ्यातलं, विणकरांचं. मी तेरा-चौदा वर्षांचा असताना अब्बा मला ‘गांधी’ दाखवायला घेऊन गेले. पडद्यावर गर्दी, भाषणं, गोळीबार. आणि अब्बा माझ्या कानाशी म्हणाले, ‘‘धोती देख, धुली हुई है. नई नहीं.’’

त्या धोतरामागे कोल्हापूरच्या भानू अथय्या होत्या. जे. जे.मध्ये शिकलेल्या चित्रकार. १९८२ च्या या चित्रपटाच्या वेशभूषेसाठी त्यांना जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर मिळालं. भारतीयाला मिळालेलं ते पहिलं. ती बाहुली नीट जपली जावी म्हणून २०१२ मध्ये त्यांनी ती अकादमीकडे सोपवली. २०२० मध्ये त्या गेल्या.

हा चित्रपट एकदा आवाज बंद करून पाहा. आफ्रिकेतला सुटाबुटातला बॅरिस्टर, मायदेशी उतरताना काठियावाडी अंगरखा-फेटा आणि शेवटी पंचा. माणूस कसा बदलत गेला ते संवादाआधी कपडे सांगतात. डिसेंबर १९२० च्या नागपूर अधिवेशनाला गांधीजी आले, तेव्हा नुसता पंचा नव्हता. तो त्यांनी सप्टेंबर १९२१ मध्ये मदुराईत स्वीकारला. नऊ महिन्यांचं अंतर, पण वेशभूषाकाराला ते विसरून चालत नाही.

आता माझं जुनं दुखणं. शाळेच्या ऐतिहासिक नाटकात मी दरवर्षी मोगल सरदार. हिरवा झगा, डोळ्यांत बोटभर काजळ. मला एकदा तरी मावळा व्हायचं होतं! मोठ्या पडद्यावरही फारसं वेगळं नाही. ‘पद्मावत’मधला (२०१८) खिलजी आठवा: गडद रंग, अंगावर फर. माणूस बोलण्याआधीच निकाल लागलेला.

शिवाजी महाराजांची जुनी चित्रं पाहा. अंगात जामा, कमरेला पटका. दरबारी पोशाख बराचसा सामाईकच होता. फरक असे तो बंदांत: मोगल काळात हिंदू जाम्याचे बंद डाव्या काखेखाली बांधत, मुसलमान उजव्या. चित्रातला माणूस कोण, हे जाणकार त्यावरून ताडतात. एवढ्याशा गाठीत केवढी गोष्ट मावते! ती सोडून आपण रंगांचे डबे उपडे करतो.

ही बंदांची गंमत मी अब्बांना सांगितली. ते म्हातारे झाले होते, माग विकून टाकलेला. सगळं ऐकून त्यांनी विचारलं, ‘‘और कपड़ा कौन-सा था?’’