शिल्पकार करमरकर आणि त्यांची शाळा



पुतळा हा शब्द कानी पडताच आपल्या डोळ्यांपुढे चौक, चबुतरा आणि जयंतीचे हार उभे राहतात. पुतळा कोणाचा हे लहान मूलही सांगेल; तो कोणी घडविला हे विचारले तर मात्र चांगले सुशिक्षित लोक एकमेकांकडे पाहू लागतात. ज्यांच्या वाट्यास ही विस्मृती आली अशा एका थोर शिल्पकाराविषयी आज चार शब्द बोलावयाचे आहेत. त्यांचे नाव विनायक पांडुरंग ऊर्फ नानासाहेब करमरकर.

करमरकरांचा जन्म १८९१ साली सासवणे येथे झाला. हे गाव अलिबाग तालुक्यात, मुंबईसमोरच्या किनाऱ्यावर आहे. तेव्हाचा कुलाबा जिल्हा म्हणजे आजचा रायगड. घरी गणपतीच्या मूर्ती होत असत, म्हणजे मातीशी मुलाची ओळख मुळाक्षरांच्या आधीच झाली असे म्हणावयास हरकत नाही. गावातील देवळाच्या भिंतीवर त्याने शिवछत्रपतींचे चित्र काढले होते. ते जिल्ह्याचे कलेक्टर ऑटो रोथफील्ड यांच्या दृष्टीस पडले आणि त्यांनी या मुलास मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकावयास पाठविले. हे रोथफील्डसाहेब मोठे रसिक होते; भारतीय स्त्रियांवरील त्यांच्या इंग्रजी ग्रंथातील चित्रे रावबहादूर धुरंधरांनी काढलेली आहेत. फिरतीवरच्या अंमलदाराने त्या दिवशी भिंतीकडे पाठ फिरविली असती तर? असो.

१८५७ साली निघालेल्या त्या शाळेवर पुढे पुष्कळ टीका झाली. ग्रीक पुतळ्यांचे प्लास्टरचे साचे समोर ठेवून हिंदी मुलांस हातपाय घडवावयास शिकविणे हे उसने ज्ञान होय, असा आक्षेप बंगालमधील कलावंतांनी विशेष हिरिरीने घेतला. त्यात तथ्य नव्हते असे नाही. परंतु नवल असे की, करमरकर १९१६ च्या सुमारास कलकत्त्यास गेले, ठाकूर घराण्यातील सुरेंद्रनाथांचा आश्रय त्यांस लाभला, त्या वादाच्या ऐन माहेरघरी ते काही वर्षे राहिले. आणि तरीही त्यांचा हात वास्तवापासून ढळला नाही. पुढे लंडनच्या रॉयल अकॅडमीत जाऊन त्यांनी तोच अभ्यास अधिक पक्का केला. मला यात हट्ट दिसत नाही. शाळेने त्यांस मापे आणि अस्थिस्नायूंचे ज्ञान दिले. परंतु पाहावे कशाकडे, हे त्यांस सासवण्याने आधीच शिकविले होते.

त्यांचे नाव सर्वतोमुखी झाले ते १९२८ साली. पुण्यास भांबुर्ड्यात, म्हणजे आताच्या शिवाजीनगरात, श्री शिवाजी प्रिपरेटरी मिलिटरी स्कूलच्या आवारात त्यांनी घडविलेला छत्रपतींचा अश्वारूढ पुतळा उभा राहिला. हा पुतळा व्हावा ही मूळ इच्छा शाहू महाराजांची. ती पुरी झालेली पाहण्यास १९२२ नंतर ते राहिले नव्हते. अश्वारूढ पुतळा ही शिल्पकाराची खरी कसोटी. घोडा आणि स्वार यांचा सारा भार अखेर बारीक पायांवर यावयाचा. तो पेलला पाहिजे, पण पेलण्याचा प्रयास दिसता कामा नये. प्रथम मातीत मूर्ती घडवावयाची, तिच्यावरून प्लास्टरचा साचा घ्यावयाचा आणि मग ओतकाम. एवढ्या मोठ्या आकाराचे ओतकाम करणारे कारखाने येथे तेव्हा कोठे होते? ते माझगावच्या गोदीत करावे लागले. जहाजांच्या सोबतीने महाराजांचा घोडा घडला!

तथापि, माझे मत विचाराल तर करमरकर खरे भेटतात ते चौकात नव्हे, घरी. सासवण्यास त्यांच्या घरात आणि अंगणात त्यांची सुमारे दीडशे शिल्पे आहेत. त्यांतील कित्येक कोणी सांगितली म्हणून केलेली नाहीत. कोळीण आहे, हमाल आहे. अंगणातली म्हैस तर अशी की नवख्या माणसाने वळसा घालून जावे. मीरा रोडला सिल्व्हर पार्कसारख्या वस्तीत राहणाऱ्या श्रोत्यांस हे जीवन परके नाही. तेथून उत्तनचा किनारा किती दूर? तेथे पाटी उतरविणाऱ्या कोळणीच्या मानेला आणि कमरेला जो डौल असतो, तो आपण बाजाराच्या घाईत पाहत नाही. करमरकरांनी तो पाहिला. त्यांच्या कोळणीत ना दैन्याची कीव आहे, ना नाटकातले सौंदर्य.

आता थोडे व्यवहाराचे. नेत्याच्या पुतळ्यास समिती असते आणि वर्गणी असते. म्हशीच्या पुतळ्यास वर्गणी कोण देणार? ब्राँझ महाग, संगमरवरही महाग. म्हणून शिल्पकार जे स्वतःच्या आनंदासाठी घडवितो ते पुष्कळदा प्लास्टरमध्ये आणि सिमेंटमध्येच राहते. प्लास्टर ओल शोषून घेते. समुद्राचा खारा वारा त्याचा वैरी. म्हणजे धातूच्या दीर्घायुष्याचा लाभ मागणी असलेल्या कामास होतो आणि मनापासून केलेले काम ओलाव्याच्या स्वाधीन होते. १९६७ साली करमरकर निवर्तले. त्यानंतर ही शिल्पे टिकली ती त्यांच्या कुटुंबीयांनी घरालाच संग्रहालय केले म्हणून. असे घर प्रत्येक शिल्पकाराच्या मागे असतेच असे नाही. कित्येकांचे साचे माळ्यावर भंगले आणि अखेर उकिरड्यावर गेले.

म्हणून मुलांना घेऊन एकदा तेथे जावे. गेटवेहून लाँचने मांडवा, तेथून सासवणे जवळच आहे. मात्र चित्रासारखे समोर उभे राहून पुढे सरकू नये. शिल्पाभोवती फिरावे. कोळणीकडे पाठीमागूनही पाहावे. पाठ घडविताना शिल्पकारास चेहऱ्याचा आधार नसतो, आणि करमरकरांचा हात तेथेच सर्वांत स्वच्छ दिसतो.