संगणकातील सामाईक टूलरूम



या व्यासपीठावर आजवर मोठी विद्वान मंडळी येऊन गेली. आम्ही विद्वान नव्हे. आमचे शाळेतील शिक्षण नववीवर थांबले. पुढे बारा वर्षे लेथवर टर्नर म्हणून काम केले आणि गेली पंचवीस वर्षे कामगार संघटनेचे काम करीत आहो. संगणक आम्ही चाळिशी उलटल्यावर शिकलो. तोही संघटनेच्या कचेरीत, रात्री जेवणानंतर, चुका करीत करीत. म्हणून चालकांनी विषय विचारला तेव्हा आम्ही ठरविले की, जी चूक आम्हांस सर्वांत महाग पडली तीच आपणांपुढे मांडावी. ती चूक विंडोज संगणकातील सामाईक फायलींविषयी, म्हणजे ज्यांना डीएलएल म्हणतात त्यांविषयी होती.

दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. एका कारखान्यातील एकतीस तात्पुरत्या कामगारांचा दावा कामगार न्यायालयापुढे होता. प्रत्येकाचे वर्षात दोनशे चाळीस दिवस भरतात, हे आम्हांस दाखवावयाचे होते. हजेरीच्या नोंदी एका सभासदाच्या मुलाने करून दिलेल्या छोट्या प्रोग्रॅममध्ये भरलेल्या होत्या. सुनावणीच्या आदल्या सायंकाळी तक्ते छापावयास बसलो, तो प्रोग्रॅम उघडेना. पडद्यावर इंग्रजी मजकुराची एक चौकट आली. तिचा अर्थ असा की, ‘एमएसव्हीसीपी १४०.डीएलएल’ ही फाईल सापडत नाही, सबब काम पुढे चालू शकत नाही. प्रोग्रॅम पुन्हा बसविल्यास दोष जाण्याचा संभव आहे. हे शेवटचे वाक्य आम्ही वाचले नाही. फाईल नाही ना, मग फाईल आणू, असा सरळ हिशेब केला. इंटरनेटवर त्या नावाची फाईल फुकट देणारी एक जागा सापडली. तेथून ती उतरविली आणि विंडोजच्या ‘सिस्टिम ३२’ या फोल्डरमध्ये ठेवली. तेथे त्याच नावाची एक फाईल आधीच होती. ती बदलावयाची काय, असे संगणकाने विचारले. आम्ही ‘होय’ म्हटले.

परिणाम असा झाला की, हजेरीचा प्रोग्रॅम पूर्वीप्रमाणेच ‘फाईल सापडत नाही’ म्हणत राहिला आणि हिशेबाचा दुसरा प्रोग्रॅम, जो सकाळपर्यंत उत्तम चालत होता, तोही बंद पडला. तो आता ‘०एक्ससी०००००७बी’ असा आकडा दाखवू लागला. सारी रात्र गेली. सकाळी न्यायालयात रिकाम्या हाताने उभे राहून आम्ही पुढची तारीख मागितली. त्या दिवशी चौदा कामगार रजा टाकून आले होते; त्या सर्वांचा रोज बुडाला.

असे का झाले हे कळण्यासाठी आधी डीएलएल म्हणजे काय ते पाहू. या तीन अक्षरांचे पूर्ण नाव डायनॅमिक लिंक लायब्ररी. लायब्ररी म्हटले की आपल्यापुढे पुस्तके येतात. परंतु आम्हांस कारखान्यातील टूलरूमची उपमा अधिक जवळची वाटते. कारखान्यात प्रत्येक यंत्रापाशी प्रत्येक गेज आणि प्रत्येक जिग ठेवीत नाहीत. ती एका ठिकाणी असतात. ज्याला जे लागेल ते तो तेथून घेतो. तद्वत् संगणकातील पुष्कळ प्रोग्रॅमना काही कामे सारखीच करावी लागतात. खिडकी काढणे, अक्षरे छापणे, फाईल उघडणे, आकडेमोड करणे. या कामांच्या सूचना प्रत्येक प्रोग्रॅममध्ये पुन्हा पुन्हा न लिहिता त्या एका सामाईक फायलीत ठेवतात, आणि चालू होताना किंवा चालत असताना प्रोग्रॅम त्या फायलीशी जोडला जातो.

ही व्यवस्था काटकसरीतून आली. विंडोजची पहिली आवृत्ती १९८५ साली निघाली, तेव्हा ती २५६ किलोबाइट स्मृतीवर चालवावयाची होती. आजच्या साध्या मोबाइलमधला एक फोटोदेखील तेवढ्यात मावत नाही. एवढ्या तोकड्या जागेत प्रत्येकाने आपापले सामान बाळगणे शक्यच नव्हते. आज स्मृती विपुल झाली, तरी दुसरा फायदा उरतोच. सामाईक फायलीत एखादी सुरक्षेची फट सापडली, तर ती एकदा बुजविली की तिच्यावर अवलंबून असणाऱ्या साऱ्यांचे काम होते.

पण टूलरूमचे सुख ज्यांनी घेतले आहे त्यांना तिचे दुःखही ठाऊक असते. एखाद्याने आपल्या कामासाठी सामाईक गेज घासले, तर त्याचा जॉब पास होतो आणि बाकीच्या दहा जणांचे रिजेक्ट होतात. १९९० च्या दशकात विंडोजवर नेमके हेच घडले. नवा प्रोग्रॅम बसविताना तो आपल्याबरोबरची डीएलएल सिस्टिम फोल्डरमध्ये टाकी. तेथे तिची नवी आवृत्ती असली तरी काही प्रोग्रॅम तिच्यावर जुनी दडपीत. मग कालपर्यंत चालणारा तिसराच प्रोग्रॅम आज बंद पडे आणि बिचाऱ्या वापरणाऱ्यास कारण कळत नसे. जाणकारांनी या अवस्थेला ‘डीएलएल नरक’ असे नाव ठेविले. त्यावर उपाय हळूहळू झाले. विंडोज २००० मध्ये मूळ फायलींवर पहारा बसला. कोणी बदलल्यास संगणक त्या पुन्हा जागेवर आणी. २००१ च्या विंडोज एक्सपीमध्ये एकाच फायलीच्या दोन आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय आली. पुढे व्हिस्टामध्ये तर मूळ फायलींची मालकीच एका वेगळ्या सेवेकडे दिली, जेणेकरून संगणकाच्या मालकालाही त्यांना सहजी हात लावता येऊ नये. मात्र हा पहारा विंडोजच्या स्वतःच्या फायलींवर आहे. प्रोग्रॅमांसाठी मागाहून बसविलेल्या सामाईक फायलींवर तो नाही. म्हणूनच आमच्या त्या ‘होय’ला कोणी हरकत घेतली नाही.

येथे कोणी विचारील की, मग प्रत्येक प्रोग्रॅमने आपली डीएलएल आपल्याच फोल्डरमध्ये का ठेवू नये? ठेवतात, आज पुष्कळ प्रोग्रॅम तसे करतात. प्रोग्रॅम फाईल शोधतो तेव्हा, काही मूळ फायली सोडल्यास, तो प्रथम स्वतःच्या फोल्डरमध्ये पाहतो आणि मग सिस्टिमच्या फोल्डरकडे वळतो. त्यामुळे भांडण मिटते, पण किंमत पडते. ज्याने वेगळी चूल मांडली त्याच्या चुलीची दुरुस्ती त्यालाच करावी लागते; सामाईक दुरुस्ती त्याच्यापर्यंत पोहोचत नाही.

आता आमच्या रात्रीकडे वळू. दुसऱ्या दिवशी कचेरीत काम करणारा आमचा तरुण कार्यकर्ता खाली मान घालून आला. म्हणाला, “अण्णा, मागच्या आठवड्यात मी संगणक साफ केला. यादीत एकाच नावाच्या सात-आठ नोंदी होत्या. आपला संगणक चौसष्टचा. म्हटलं, ही शहाऐंशीची अडगळ कशाला? काढून टाकली.”

“अरे, मग काल रात्री का नाही बोललास?”

“वाटलं नाही अण्णा, की त्याचा ह्याच्याशी काही संबंध असेल.”

त्या नोंदी ‘मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल’ या नावाच्या होत्या. ज्या भाषेत असंख्य प्रोग्रॅम लिहिले जातात, तिच्या सामाईक फायलींचे हे गाठोडे. २००८, २०१०, २०१२, २०१३ यांची गाठोडी निरनिराळी, आणि २०१५ पासून पुढच्यांचे एक. शिवाय प्रत्येकाचे दोन प्रकार : ‘एक्स ६४’ हा चौसष्ट बिटांच्या प्रोग्रॅमांसाठी आणि ‘एक्स ८६’ हा बत्तीस बिटांच्या. शहाऐंशी हा आकडा इंटेलच्या १९७८ सालच्या ८०८६ या प्रोसेसरच्या घराण्यावरून आलेला आहे. तो जुनाटपणाचा शिक्का नव्हे. संगणक चौसष्ट बिटांचा असला तरी त्यावर बत्तीस बिटांचे प्रोग्रॅम चालतात आणि त्यांना त्यांच्याच मापाच्या फायली लागतात. आमचा हजेरीचा प्रोग्रॅम बत्तीस बिटांचा होता.

त्यात आणखी एक चकवा आहे. चौसष्ट बिटांच्या विंडोजवर ‘सिस्टिम ३२’ या फोल्डरमध्ये चौसष्ट बिटांच्या फायली असतात आणि बत्तीस बिटांच्या फायली ‘सिसवॉव ६४’ या फोल्डरमध्ये. नावे उलटी आहेत. कारण जुन्या प्रोग्रॅमांत ‘सिस्टिम ३२’ हे नाव इतके रुळले होते की ते बदलणे परवडले नाही. बत्तीस बिटांचा प्रोग्रॅम ‘सिस्टिम ३२’कडे गेला तरी विंडोज त्याला गुपचूप दुसऱ्या दारी नेते. आम्ही बत्तीस बिटांची फाईल ठेवली चौसष्टच्या घरात. ज्याला हवी होती त्याला ती मिळाली नाही आणि ज्याची होती त्याची आम्ही मोडली. त्या लांबलचक आकड्याचा अर्थही बहुधा हाच असतो, की मापे जुळत नाहीत. मुलाने एक गाठोडे काढले होते. आम्ही एक हत्यार बदलले होते. त्याला बोलावयास आम्हांस तोंड नव्हते.

दुरुस्तीस लागली पंधरा मिनिटे. परकी फाईल काढून टाकली, मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून एक्स ८६ आणि एक्स ६४ ही दोन्ही गाठोडी उतरविली, पहिले बसविले, दुसऱ्याची ‘रिपेअर’ केली, संगणक पुन्हा सुरू केला. दोन्ही प्रोग्रॅम चालू झाले.

आपणांपैकी कोणावर असा प्रसंग आला तर पुढील क्रम ठेवावा, असे आमचे सांगणे आहे.

पहिली गोष्ट, चौकट बंद करण्यापूर्वी ती पूर्ण वाचावी आणि वहीत उतरवून घ्यावी. कोणता प्रोग्रॅम, कोणती फाईल, काय तक्रार. ‘फाईल सापडत नाही’ ही एक तक्रार. ‘एन्ट्री पॉइंट सापडत नाही’ ही वेगळी. तीत फाईल आहे, पण तिच्यात अपेक्षित काम नाही, म्हणजे बहुधा आवृत्ती चुकली आहे. आणि प्रोग्रॅम मुकाट्याने बंद पडला, तर विंडोजच्या ‘इव्हेंट व्ह्यूअर’मध्ये तो कोणत्या फायलीत पडला त्याची नोंद मिळते. पण येथे सावध राहावे. ज्या यंत्रावर अपघात होतो, त्यावर उभा असलेला कामगारच दोषी असतो असे नाही. हे कारखान्यात आम्ही जन्मभर सांगत आलो. फायलींनाही तोच न्याय लावावा. दुसऱ्याने दिलेला चुकीचा माल हाताळताना ती कोसळलेली असू शकते.

दुसरी गोष्ट, अलीकडे काय बदलले ते सर्वांना विचारावे. नवे काय बसविले, काय काढले, व्हायरसरोधक प्रोग्रॅमने एखादी फाईल उचलून कोंडून ठेवली आहे काय? आम्ही हा प्रश्न त्या सायंकाळी विचारला असता, तर चौदा जणांचा रोज वाचला असता.

तिसरी गोष्ट, एक प्रोग्रॅम बंद असेल तर तोच दुरुस्त करावा किंवा पुन्हा बसवावा, आणि त्याचे गाठोडे अधिकृत ठिकाणाहून आणावे. विंडोजच्याच फायली बिघडल्याचा संशय असेल, तर कमांड प्रॉम्प्ट प्रशासक म्हणून उघडून आधी ‘डिसम’ या साधनाची ‘रिस्टोअर हेल्थ’ ही आज्ञा द्यावी आणि मग ‘एसएफसी’ची ‘स्कॅननाऊ’. पहिली सुट्या भागांचे कोठार दुरुस्त करते. दुसरी त्या कोठारातून भाग घेऊन बिघडलेली फाईल बदलते. ‘रेगएसव्हीआर ३२’ चालवा, असा सल्लाही कोणी देतील. तो नोंदणी लागणाऱ्या विशिष्ट डीएलएलपुरताच खरा आहे. इतरांस त्याचा उपयोग नाही. आणि ज्याला खोलात जावयाचे आहे त्याने ‘प्रोसेस मॉनिटर’ हे मायक्रोसॉफ्टचे फुकट साधन लावावे. प्रोग्रॅम कोणकोणत्या दारी फाईल मागत फिरला आणि कोठून नकार आला, हे ते ओळीने दाखविते.

चौथी गोष्ट, अनोळखी ठिकाणाहून सुटी डीएलएल कधीही आणू नये. ती जुनी असेल, दुसऱ्या मापाची असेल, एवढेच भय नाही. २०१० साली ‘स्टक्सनेट’ नावाचा घातकी प्रोग्रॅम उघडकीस आला. सीमेन्सच्या कारखानायंत्रणेतील एक डीएलएल त्याने बाजूला सारली आणि तिच्या नावाने स्वतःची बसविली. यंत्राला जाणाऱ्या आज्ञा त्या तोतया फायलीच्या हातून जाऊ लागल्या. इराणमधील नतान्झ येथे सेंट्रिफ्यूज बिघडत होती आणि पडद्यावर सारे ठीक दिसत होते. डीएलएलला प्रोग्रॅमचे सारे अधिकार मिळतात. म्हणून ती कोणाच्या हातून घेतो याला महत्त्व आहे.

पुढील तारखेस तक्ते दाखल झाले. त्या सकाळी न्यायालयाच्या आवारात आम्ही चौदा जणांना घडले ते सांगितले आणि त्यांची क्षमा मागितली. त्यांच्यातील एक बाई ऐकून घेऊन म्हणाल्या, “अण्णा, सगळ्यांची वस्तू होती, तर ती सांभाळायला कुणाला नेमलं होतं?”

आम्ही कोणालाच नेमले नव्हते. कारखान्यातील टूलरूमला रजिस्टर असते, किल्ली असते, जबाबदार माणूस असतो. आमच्या संगणकातील टूलरूमला यांतले काहीच नव्हते. आता कचेरीत संगणकाशेजारी एक वही टांगली आहे. काय बसविले, काय काढले, कोणी, कोणत्या तारखेस, एवढेच तीत लिहितात. काढण्यापूर्वी दुसऱ्या एकाला विचारावे लागते. वहीची जबाबदारी त्याच तरुण कार्यकर्त्याकडे आहे. तिच्यातील पहिली नोंद त्याची आहे. दुसरी, त्या ‘होय’ची, आमच्या हस्ताक्षरात आहे.