अटकपूर्व जामीन आणि फिर्यादीची वाट
(वाशीम येथे कार्यकर्त्यांपुढे केलेल्या भाषणाचा मजकूर)



गावात मारहाण होते, फिर्याद नोंदली जाते आणि आठ दिवसांत आरोपी पुन्हा पारावर बसलेला दिसतो. लोक म्हणतात, पैसा चालला. पुष्कळदा चाललेला असतो तो अटकपूर्व जामिनाचा हुकूम. लोकांचा संताप मला समजतो. परंतु ‘हे कलमच काढून टाका’ अशी जी भाषा आपल्याही कार्यकर्त्यांच्या तोंडी येऊ लागली आहे, तिला माझा स्पष्ट विरोध आहे.

ही तरतूद 1973 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत आली, ती विधी आयोगाने 1969 मध्ये केलेल्या शिफारशीवरून. वजनदार माणसे प्रतिस्पर्ध्याला खोट्या खटल्यात गोवून तुरुंगात डांबतात, हे आयोगाने ओळखले होते. पुढे आणीबाणीत, 1976 साली, उत्तर प्रदेशाने ती आपल्यापुरती रद्द केली. तेथे ती परत यायला 2019 उजाडावे लागले. ती कोणाला आणि कोणत्या काळात नकोशी झाली, हे विसरू नका. मोर्चा काढणाऱ्या शेतमजुराला उद्या तिचीच गरज पडणार आहे. 1980 मध्ये सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांच्या घटनापीठाने सिब्बिया प्रकरणात तिच्यावर नसती बंधने लादण्यास नकार दिला, तो याच स्वातंत्र्याच्या विचाराने.

असा जामीन किती काळ टिकावा, हा वाद महाराष्ट्रातूनच दिल्लीला गेला. 1996 च्या सलाउद्दीन शेख प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मुदतीची मर्यादा सांगितली. 2010 च्या सिद्धाराम म्हेत्रे प्रकरणात ती नाकारली. अखेर 29 जानेवारी 2020 रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने ठरविले की, हा जामीन सामान्यतः खटला संपेपर्यंत चालू राहू शकतो. म्हणजेच फिर्यादीच्या हाती राहिला तो जामीन रद्द करून घेण्याचा मार्ग.

येथेच मोठा घोटाळा होतो. जामीन मुळातच चुकीचा दिला, ही एक तक्रार. जामीन घेऊन आरोपीने साक्षीदारांना धमकावले, ही दुसरी. हा भेद सर्वोच्च न्यायालयाने 2001 मध्ये पूरन विरुद्ध रामबिलास या निकालात स्पष्ट केला आहे. पहिल्या तक्रारीसाठी वरच्या न्यायालयात, म्हणजे सत्र न्यायालयाचा हुकूम असेल तर नागपूर खंडपीठापुढे, जावे लागते. दुसरी मात्र ज्या सत्र न्यायालयाने जामीन दिला, त्याच्याच पुढे मांडता येते. मी अर्थशास्त्राचा माणूस. मला न्यायाची किंमत मजुरीच्या दिवसांत मोजण्याची खोड आहे. मानोरा तालुक्यातल्या मजुराची नागपूरची एक तारीख म्हणजे दोन दिवसांची बुडालेली मजुरी, प्रवासभाडे आणि वकिलाची फी. जो खर्च आरोपीला जाणवतही नाही, तो फिर्यादीला तडजोडीला भाग पाडतो. तरीही आपली माणसे पुराव्यावाचून पहिल्याच वाटेने धावतात आणि हात हलवीत परततात.

दुसऱ्या वाटेला पुरावा लागतो. ‘तो धमक्या देतो’ एवढे मोघम विधान न्यायालयाला पुरत नाही, पुरूही नये. कोणी, कोठे, कोणासमक्ष, काय म्हटले, हे त्याच दिवशी लिहून ठाण्यात द्यावे आणि पोच घ्यावी. ठाणेदार घेत नसेल तर पोलीस अधीक्षकांकडे टपालाने पाठवावे. एक प्रत सरकारी वकिलाला द्यावी. सरकार अर्ज करीत नसेल तर फिर्यादी स्वतः करू शकतो. त्याला तो अधिकार आहे.

अनुसूचित जाती-जमातींवरील अत्याचाराच्या प्रकरणांत तर अटकपूर्व जामिनालाच कायद्याने मनाई आहे; प्रथमदर्शनी गुन्हा दिसतच नसेल, तेवढाच अपवाद. 2016 पासून लागू झालेल्या दुरुस्तीने पीडिताला जामिनाच्या सुनावणीत आपले म्हणणे मांडण्याचा हक्कही दिला. नोटीस मिळाली की त्याच्याबरोबर कोर्टात कोणी जायचे, ते आपल्या शाखेने आधीच ठरवून ठेवावे. वकिलाची फी परवडत नाही म्हणून कोणी घरी बसू नये. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, आणि स्त्रियांना व अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. अर्ज लिहून देणारा एक तरी माणूस प्रत्येक तालुक्याला हवा. आज येथे बसलेल्यांपैकी कोण तयार आहे, ते सभेनंतर मला सांगा.